स्मृतिमणी घडवताना

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

तुझ्या कादंबरीची पहिली तीन प्रकरणं वाचली. स्मृतिमण्याची कल्पना चांगली आहे आणि ती वाया जाऊ नये असं मनापासून वाटतं, म्हणून सविस्तर लिहितो आहे. सध्या तुझा मणी मुठीत धरला की गेलेला काळ जसाच्या तसा समोर उभा राहतो. अडचण तिथेच आहे. आईला कोणी मारलं हे मणीच सांगणार असेल, तर नायिकेला पुढची तीनशे पानं चालायचं कारणच उरत नाही.

आधी हे ठरव की आठवण हरवली म्हणजे नेमकं काय झालं. एकतर ती मनात नोंदलीच गेली नव्हती, किंवा नोंदली जाऊन पुसली गेली, किंवा आत आहे पण तिच्यापर्यंत जायची वाट सापडत नाही. पहिल्या प्रकारात मण्याचं काहीही चालू देऊ नकोस. तुझी नायिका ती दीड वर्षाची असतानाचा प्रसंग स्वतःच्या डोळ्यांनी बघते. बहुतेकांची सर्वांत जुनी आठवण साधारण तीन-साडेतीन वर्षांच्या वयाची असते, त्यामुळे हे वाचकाला खटकेल. तो प्रसंग दाईच्या आठवणीतला कर. मग दाई तेव्हा कुठे उभी होती, दाराआड तिला काय दिसलं नाही, हे प्रश्न आपोआप गोष्टीत येतात.

पुसली गेलेली आठवण हवी असेल, तर हेन्री मोलेसन यांचं उदाहरण अभ्यास. 1953 साली मेंदूवर शस्त्रक्रिया झाल्यावर त्यांच्या मनात नव्या घटना टिकेनाशा झाल्या. तरी आरशात बघून चांदणी गिरवण्याचं काम दिवसागणिक त्यांना नीट जमू लागलं, आणि रोज ते आपण पहिल्यांदाच करतोय असं त्यांना वाटे. म्हणजे हाताला जे येतं ते मनाला ठाऊक नसू शकतं. नायिकेला ते घर आठवत नाही, पण अंधारात तिचा हात बरोबर कडीवर पडतो. असा एक प्रसंग मण्याच्या कितीतरी आधी पेरून ठेव.

खरी श्रीमंती मात्र तिसऱ्या प्रकारात आहे. काँगोमधल्या लुबा लोकांची लुकासा नावाची पाटी असते. हातात मावणारी, मध्ये निमुळती, वर मणी आणि शिंपले जडवलेली. जाणकार ती डाव्या हातात धरतो, उजव्या हाताचं बोट एकेका मण्यावरून फिरवतो आणि राजांचा इतिहास सांगत जातो. इतिहास पाटीत भरलेला नसतो, शिकलेल्या माणसात असतो. मणी त्याला हाक मारतो, एवढंच. दक्षिण अमेरिकेतल्या इंकांच्या किपूचं, म्हणजे गाठी मारलेल्या दोऱ्यांच्या नोंदींचं बघ. गाठ दोरीवर कुठे आहे त्यावरून एकक, दशक, शतक ओळखता येतं, म्हणून आकडे आज वाचता येतात. आकड्यांपलीकडचं जे किपूंत असावं, ते वाचणारे गेले आणि त्या दोऱ्या मुक्या झाल्या. तुझा मणीही असाच कर. तो वाचायला माणूस लागू दे, त्याचं शिक्षण लागू दे, आणि त्या माणसाचं म्हातारपण ही कथेतली घाई होऊ दे.

आता मर्यादा. एका मण्यात एकच प्रसंग, तोही पाच मिनिटांपेक्षा मोठा नको. आणि दर वाचनाला झीज हवी. ही निव्वळ कल्पना नाही. 2000 साली मेंदूचे अभ्यासक करीम नादर आणि सहकाऱ्यांनी उंदरांवर दाखवलं की पक्की झालेली भीतीची आठवण जागी केली की ती काही काळ पुन्हा कच्ची होते आणि तेवढ्यात बिघडवताही येते. तुझ्या जगात पहिलं वाचन स्वच्छ असू दे, दुसऱ्यात वाचणाऱ्याची मनःस्थिती मिसळू दे, तिसऱ्यानंतर मूळ कोणतं ते कळू नये.

खलनायक मणी फोडतो, ते काढून टाक. 1974 मध्ये मानसशास्त्राचे अभ्यासक एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी लोकांना गाड्यांच्या अपघाताची फीत दाखवली. काहींना गाड्या एकमेकींना ‘धडकल्या’ तेव्हा वेग किती होता असं विचारलं, काहींना ‘आदळून चक्काचूर झाल्या’ तेव्हा. आठवड्याने फुटलेली काच दिसली होती का, असं विचारलं. पहिल्या गटातल्या 50 पैकी 7 जण हो म्हणाले, दुसऱ्यातल्या 50 पैकी 16. फितीत काच नव्हतीच. तुझ्या खलनायकाला हातोडा नको, वाचन चालू असताना शेजारी बसून एक प्रश्न विचारायची परवानगी पुरे.

लिहिताना आठवणीचा प्रसंग दीडशे-दोनशे शब्दांत संपव आणि वासापासून सुरू कर. वासाची वाट भावना आणि स्मृती सांभाळणाऱ्या भागांकडे इतर संवेदनांपेक्षा थेट जाते, म्हणून ‘ओल्या घोंगडीचा वास’ एवढे तीन शब्द अर्ध्या पानाच्या वर्णनाचं काम करतात. जुन्या आठवणीत माणूस पुष्कळदा स्वतःलाच बाहेरून बघतो, तेही एकदा वापरून बघ. चेहरे धूसर ठेव, एखादं बोट, एखादं बटण लख्ख ठेव.

तिसरं प्रकरण दाईच्या नजरेतून पुन्हा लिही आणि पाठव. मण्याचे नियम वेगळ्या कागदावर काढून सोबत जोड, म्हणजे कुठे मोडतात ते तपासता येईल.

कळावे, लोभ असावा.