आधी माणूस, मग दिवा

प्रिय,

तुझी शॉर्ट फिल्म पाहिली, पत्रही वाचलं. कॅमेरा सोडून पुरतं दिग्दर्शनाकडे वळावं की दोन्ही करावं, असं विचारलंयस. या प्रश्नात वेळ घालवू नकोस. गोविंद निहलानी 'शांतता! कोर्ट चालू आहे' (१९७१), 'अंकुर', 'भूमिका', 'जुनून' यांचा कॅमेरा करत १९८० मध्ये 'आक्रोश'च्या दिग्दर्शनापर्यंत आले आणि त्याचाही कॅमेरा स्वतःच केला. अविनाश अरुणने 'किल्ला', सुधाकर रेड्डी यक्कंटीने 'नाळ' स्वतःच शूट केला. दोन्ही जमतं.

तुझं दुखणं वेगळं आहे. तुझ्या फिल्ममधली आई खिडकीपाशी उभी आहे, कारण तिथे उजेड छान पडलाय. गॅसवर दूध चढलेलं असताना ती तिथे कशाला जाईल?

आधी माणूस, मग दिवा. कॅमेऱ्यातून आलेल्यांना नेमकी उलटी खोड असते.

सकाळी सेटवर फक्त वर्किंग लाइट ठेव. आत तू, नट आणि चीफ असिस्टंट. बाकी सगळे बाहेर, तुझा लाडका गॅफर, म्हणजे दिव्यांचा प्रमुख, तोसुद्धा. कोणी कुठे बसायचं ते सांगू नकोस, नटांना हवं तसं वावरू दे. हालचाल बसली की कॅमेरा डिपार्टमेंटला बोलावून एकदा दाखव, फोकस सांभाळणाऱ्या फोकस पुलरला नटांच्या जागांवर जमिनीवर टेप मारू दे आणि नटांना मेकअपला पाठव. मग त्यांच्या उंचीची माणसं उभी करून लाइटिंग कर. यात वीस-पंचवीस मिनिटं जातात आणि प्रॉडक्शनवाले घड्याळ दाखवतात. दाखवू देत. आधी दिवे लावलेस आणि नट म्हणाला, "मला इथे उठावंसं वाटतंय," तर स्टँड, कटर, थर्माकोल हलवण्यात पाऊण तास जाईल. तो वाचवायला तू म्हणशील, "बसूनच म्हण ना." सीन तिथेच मेला.

आता तुझं ते उघडं अ‍ॅपर्चर, म्हणजे लेन्समधलं उजेड आत घेणारं भोक. 'टी'चा आकडा लहान तितकं ते मोठं. सुपर ३५ सेन्सर, ५० एमएमची लेन्स, नट आठ फुटांवर: टी २.८ ला जेमतेम फूटभर पट्टा शार्प मिळतो. नट भावनेच्या भरात पुढे झुकला की फोकस गेला, म्हणजे त्याचा सगळ्यात खरा टेक बाद. टी ५.६ ला तोच पट्टा दोन फुटांच्या वर जातो. उजेड चौपट लागेल, मग तेवढा भाड्याने आण किंवा आयएसओ वाढव. थोडा ग्रेन आला म्हणून कोणी उठून जात नाही.

शॉटचा क्रमही तू दिव्यांच्या सोयीने लावलायस: खिडकीकडचे सगळे आधी, मग कॅमेरा फिरवून उरलेले. वेळ वाचतो, कबूल. पण तोवर समोरच्याच्या सजेशनमध्ये, म्हणजे कडेला तिचा नुसता खांदा दिसतो अशा शॉटमध्ये, रडून रडून तुझी नटी रिकामी झालेली असते. ज्या क्लोजअपमध्ये सीनचा जीव आहे तो मास्टरनंतर, म्हणजे सगळा सीन एकत्र टिपणाऱ्या शॉटनंतर, लगेच घे, मग भले दिवे दोनदा फिरवावे लागोत. लहान मुलांच्या बाबतीत तर याला पर्यायच नाही.

'किल्ला'तल्या कोकणातल्या पावसाचं सगळे कौतुक करतात. मला त्यात सोय दिसते. ढगाळ आभाळाखाली उजेड चहूकडून सारखा येतो, मुलगा कुठेही वळला तरी चेहरा दिसतो, त्याला मार्कावर खिळवून ठेवावं लागत नाही. आधी माणूस, हे असंही साधतं.

ऑपरेटिंग, म्हणजे टेक चालू असताना कॅमेरा हाताळणं, पहिल्या टेकला दुसऱ्याकडे दे. ऑपरेटरची नजर फ्रेमच्या कडांवर असते, माइक आत आला का, डोकं कापलं का, यावर. दिग्दर्शकाने डोळे बघायचे असतात. एकाच टेकमध्ये दोन्ही होतं असं म्हणणाऱ्यांचे रशेस, म्हणजे एडिट न केलेलं चित्रीकरण, बघ. आणि मॉनिटरच्या तंबूत बसू नकोस, लेन्सच्या शेजारी उभं राहा.

मला हट्टी म्हणतात, छायाचित्रकार असून फ्रेमची किंमत नाही म्हणतात. फ्रेमची किंमत आहे म्हणूनच तिच्यात काय ठेवायचं याचा हट्ट आहे! 'आक्रोश'मधला लहान्या भिकू जवळजवळ सगळा सिनेमा गप्प असतो आणि तरी ओम पुरींच्या चेहऱ्यावरून नजर हटत नाही. ती पटकथा विजय तेंडुलकरांची होती. तू मात्र स्वतःच लिहिलंस, तेही लोकेशन बघून आल्यावर. पुढच्या वेळी ड्रोनचे पैसे लेखकाला दे.

नव्या संहितेतला सगळ्यात अवघड सीन आधी फोनवर, घरच्या ट्यूबलाइटखाली शूट करून पाठव. नटांना कॉलर माइक लाव आणि पंखा बंद ठेव. मागच्या फिल्ममध्ये आईचं निम्मं बोलणं पंख्यात गेलंय.