‘एम’ म्हणजे मी की तू?

एका वाचक बाईंचा प्रश्न आहे: ‘व्हिएतनामी गाणी ऐकायचा नाद लागलाय. मी-तम या गायिकेच्या गाण्यांच्या नावांत “एम” हा शब्द सारखा भेटतो आणि भाषांतरात त्याचं “मी” होतं. सन तुंग या गायकाच्या गाण्यात तोच शब्द “तू” होतो. कोशात बघावं तर “धाकटं भावंड”. यातलं खरं काय? आणि मराठीत अर्थ लिहून द्यायचा तर काय लिहावं?’

तिन्ही खरं. कोशातला अर्थ मूळचा आहे. गाण्यात तो ‘मी’ ठरतो की ‘तू’, हे गातंय कोण आणि कुणाला उद्देशून, यावर अवलंबून.

आधी नावाचं. तुम्ही जोडरेघ देऊन ‘मी-तम’ लिहिलंत ते उत्तम केलंत, नाहीतर ‘मी तमचं गाणं ऐकलं’ या वाक्यात ऐकणारं कोण आणि गाणारं कोण तेच कळणार नाही. इंग्रजी अक्षरं वाचून काही जण ‘माय टॅम’ लिहितात, ते सोडून द्यावं. दुसऱ्या अक्षरातला स्वर आपल्या ‘अ’सारखाच आखूड आहे, तेव्हा ‘तम’च बरोबर. अर्थ मात्र काळोख नव्हे. दोन्ही शब्द चिनीतून व्हिएतनामीत आलेले, ‘मी’ म्हणजे सुंदर आणि ‘तम’ म्हणजे हृदय, मन. पूर्ण नाव फान थी मी-तम. यात फान हे आडनाव आणि ‘थी’ हा बायकांच्या नावात जुन्या रिवाजाने येणारा मधला शब्द. तिकडे माणसाचा उल्लेख सहसा आडनावाने होत नाही, नावातल्या शेवटच्या शब्दाने होतो. त्यामुळे बातमीत ‘फान यांनी सांगितलं’ असं लिहिणं म्हणजे तिच्या निम्म्या गावाला उभं करणं. तिच्या 2013च्या अल्बमचं नाव नुसतं ‘तम’ आहे. 2017 साली आलेला तिचा नववा अल्बम ‘तम 9’, आणि तो बिलबोर्डच्या ‘वर्ल्ड अल्बम्स’ यादीत पहिल्या दहांत गेला होता.

तिचा जन्म 16 जानेवारी 1981चा, मध्य व्हिएतनाममधल्या दा नांग शहरातला. संगीताचं शिक्षण हो चि मिन्ह शहरातल्या संगीत महाविद्यालयात झालं. तिकडच्या रसिकांनी तिला ‘तपकिरी केसांची होआ-मी’ असं टोपणनाव दिलं आहे. भाषांतरात या ‘होआ-मी’ची कधी कोकिळा होते, कधी बुलबुल. खरा पक्षी दोन्हींपैकी नाही. डोळ्याभोवती पांढरी रेघ ओढलेला तो एक गोड गळ्याचा पक्षी आहे, आणि नावाचा अर्थच ‘रंगवलेली भुवई’. म्हणजे इथला ‘मी’ भुवईचा, तिच्या नावातला नव्हे.

आता मूळ शब्द. व्हिएतनामीत आपल्यासारखी सर्वांना सरसकट चालणारी ‘मी’ आणि ‘तू’ ही जोडी रोजच्या बोलण्यात फारशी उपयोगाची नाही. त्या जागी नात्याचे शब्द येतात. ‘आञ’ म्हणजे मोठा भाऊ, ‘ची’ म्हणजे मोठी बहीण, ‘एम’ म्हणजे धाकटा भाऊ किंवा धाकटी बहीण. त्याशिवाय आत्या, काका, आजी, आजोबा, लेकरू अशी मोठी फौज आहेच. (‘आञ’मधला ञ आपण शाळेत शिकतो आणि मग आयुष्यभर वापरत नाही, तो इथे पूर्ण वेळ कामाला असतो. तोही उत्तरेकडच्या उच्चारात, सायगॉनकडे ऐकलंत तर ‘अन’ असं ऐकू येईल.) समोरच्याला हे शब्द लावायचेच, पण स्वतःलाही लावायचे. या सगळ्या व्यवहाराला ते ‘सुंग हो’ म्हणतात, त्यातलं ‘सुंग’ म्हणजे स्वतःचा उल्लेख करणं आणि ‘हो’ म्हणजे दुसऱ्याला हाक मारणं.

यातला पहिला भाग आपल्याला वाटतो तितका परका नाही. ‘आजीला पाणी दे रे बाळा’ असं आजी नातवाला म्हणते तेव्हा ती तिसऱ्याच कुणाबद्दल बोलत नसते. ‘आई रागावेल हं’ हेही तसंच. मराठीत ही सोय लहान मुलांपुरती आहे, पाच-सहा वर्षांच्या पोरापलीकडे आपण ती वापरत नाही. व्हिएतनामीत ती जन्मभर चालते. दुकानात, कचेरीत, प्रेमात, भांडणातसुद्धा.

प्रेमात पुरुष ‘आञ’ होतो आणि स्त्री ‘एम’. प्रेमिकांनी एकमेकांना दादा आणि धाकटी म्हणावं म्हटल्यावर मराठी वाचकाच्या कपाळावर आठी येते, पण तिथल्या कानाला त्यात भावंडपण उरलेलंच नाही. आपणही ‘बाई’ हा शब्द आई, शिक्षिका, कामवाली आणि लावणी गाणारी या सगळ्यांना लावतोच की, कुणी गोंधळत नाही. उलट, व्हिएतनामीत ओळखीतली मुलगी स्वतःला ‘एम’ म्हणायला लागली आणि ते ‘एम’ म्हणण्याचा ढंग बदलला, की प्रकरण कुठवर आलंय ते आजूबाजूच्यांना कळतं.

या चष्म्यातून मी-तमच्या गाण्यांची नावं पाहा. 2000 साली शांघायच्या आशियाई संगीत महोत्सवात तिला कांस्यपदक मिळालं, ते ‘ञे आञ’ या गाण्याला. ‘ञे’ म्हणजे आपलं ‘हं’ किंवा ‘बरं का’, विनवणी करणारं शेपूट. गाणारी मुलगी आहे, तेव्हा ‘आञ’ म्हणजे ‘तू’. पुढे 2017मधलं ‘डुंग हॉइ एम’. ‘डुंग’ म्हणजे नको, ‘हॉइ’ म्हणजे विचारणं, आणि ‘एम’ म्हणजे गाणारी स्वतः: ‘मला विचारू नकोस’. ‘डउ ची रिएंग एम’ म्हणजे ‘फक्त माझंच थोडंच आहे’. (यातला ‘ची’ ताई नव्हे. तो ‘फक्त’ या अर्थाचा वेगळा शब्द आहे, फरक नुसता सुराचा; व्हिएतनामीत उच्चाराचा सूर बदलला की शब्दच बदलतो. देवनागरीत तो सूर दाखवायला आपल्याकडे काहीच नाही.) शांघायला ती एकोणीस वर्षांची होती, ‘डुंग हॉइ एम’च्या वेळी छत्तीसची. ‘एम’पणाला वयाची अट नाही.

आता सन तुंग. जन्म 1994चा, थाय बिञचा, आणि नावापुढे तो ‘एम-टीपी’ लावतो. हा ‘एम’ आपल्या चर्चेतला नव्हे, हे इंग्रजी अक्षर आहे. संगीत, प्रतिभा आणि शैली या अर्थाच्या तीन शब्दांची ती आद्याक्षरं. त्याच्या 2013च्या गाजलेल्या गाण्याचं नाव ‘एम कुआ ङाय होम क्वा’. ‘ङाय होम क्वा’ म्हणजे कालचा दिवस, ‘कुआ’ म्हणजे चा-ची-चे. गाणारा पुरुष, म्हणून ‘एम’ म्हणजे ‘तू’: ‘कालची तू’. त्याची पुढची नावं बघितलीत तर ‘आञ’च ‘आञ’ दिसेल. 2017चं ‘नोइ नाय को आञ’ म्हणजे ‘इथे मी आहे’, 2019चं स्नूप डॉग या अमेरिकी रॅपरबरोबरचं ‘हाय त्राओ चो आञ’ म्हणजे ‘मला दे’, 2024चं ‘डुंग लाम त्राय तिम आञ डाउ’ म्हणजे ‘माझ्या काळजाला दुखवू नकोस’. मी-तमच्या तोंडी जो ‘आञ’ समोर उभा असतो, तोच इथे माइक धरून उभा आहे. भाषांतर करणारं यंत्र नुसता मजकूर वाचतं, आवाज कुणाचा आहे ते त्याला कुणी सांगत नाही, म्हणून ते कधी बरोबर येतं आणि कधी गाणं उलटंपालटं करून टाकतं.

एकाचं गाणं दुसऱ्याने म्हटलं तर? बाईचं गाणं पुरुष गाताना पुष्कळदा ‘आञ’ आणि ‘एम’ यांची अदलाबदल करून टाकतात. पण नेहमी नाही. त्रिञ कोंग सन या थोर गीतकाराची प्रेमगीतं पुरुषाच्या बाजूने लिहिलेली आहेत आणि त्यांतली ‘एम’ समोरची, दूर गेलेली. ती अजरामर केली खाञ ली या गायिकेने. तिने गायलेल्या ‘झिएम सुआ’ या गाण्यात ‘एम’ जशीच्या तशी राहिली आहे, आणि ते कुणाला खटकत नाही. मराठीत हे इतक्या सहज जमलं नसतं. आपल्याकडे क्रियापद चहाडी करतं: ‘मी गेलो’ की ‘मी गेले’, हे लपवता येत नाही. व्हिएतनामी क्रियापदाला लिंग, वचन, पुरुष, काळ, कशाचाच प्रत्यय लागत नाही. जातो, जाते, गेली, जाणार, सगळ्यांना एकच ‘डी’. म्हणून जी माहिती आपण क्रियापदाच्या शेपटीत ठेवतो त्यातली बरीचशी तिथे नात्याच्या शब्दात येऊन बसते.

हे ‘डी’ लक्षात ठेवा, कारण माझ्या आवडीचं नाव त्यावरच संपतं: मी-तमचं ‘ङुअइ हाय क्वेन एम डी’. (ङ शब्दाच्या सुरुवातीला! ‘वाङ्मय’च्या पोटात गुदमरणाऱ्या अक्षराला इथे पहिला मान आहे.) ‘क्वेन’ म्हणजे विसरणं. त्याला ‘डी’ जोडलं की तो आग्रह होतो, आणि ‘डी’चा मूळ अर्थ जाणं. म्हणजे शब्दाला शब्द ‘विसरून जा’! मराठी संयुक्त क्रियापदाने नेमकं हेच केलं आहे, दोन भाषांचा काही संबंध नसताना. पण खरी गंमत पहिल्या शब्दात आहे. ‘ङुअइ’ म्हणजे माणूस, व्यक्ती. समोरच्याला ‘आञ’ म्हणायचं ते तिने काढून घेतलं आहे, स्वतः मात्र अजून ‘एम’च आहे. त्याला परका केलं, स्वतःला परकं करता आलं नाही. एवढं सगळं मराठी उपशीर्षकात आणायचा हट्ट धरू नये, ‘विसरून जा आता मला’ पुरे.

घरातल्या भांडणात हीच चाल आणखी कडक होते. ‘तोइ’ असा एक तटस्थ ‘मी’ व्हिएतनामीत आहे. मूळ अर्थ सेवक, दास. आज तो लेखात, भाषणात, अनोळखी माणसाशी बोलताना चालतो. बायको नवऱ्याशी बोलताना एकाएकी स्वतःला ‘एम’ऐवजी ‘तोइ’ म्हणाली, तर जेवण गरम करून घेण्याची वेळ आली असं समजावं.

नातं वयावर आणि जागेवर ठरतं, त्यामुळे एकाच बाईची दिवसभरात अनेक रूपं होतात. ‘व्हिएतनाम आयडॉल’च्या 2012 आणि 2013च्या पर्वांत मी-तम परीक्षक होती. तिथे तरुण स्पर्धक तिला ‘ची’ म्हणणार आणि स्वतः ‘एम’ होणार, मग तो स्पर्धक मुलगा असो की मुलगी. लहान मुलांची ती ‘को’, म्हणजे आत्या. राजकारणही यातून सुटलेलं नाही. हो चि मिन्ह यांना सगळा देश ‘बाक हो’ म्हणतो, आपण त्याचं ‘काका हो’ करतो. ‘बाक’ म्हणजे वडिलांपेक्षा मोठा काका, लहान काकासाठी ‘चू’ हा वेगळा शब्द आहे. हिंदीवाले ‘ताऊ’ म्हणून सुटले असते. आपल्याला ‘थोरले काका’ म्हणावं लागेल, आणि त्यात घरच्या शेतीच्या वाटणीचा वास येतो.

तर मराठीत काय लिहावं? प्रेमगीतात सरळ ‘मी’ आणि ‘तू’. बहीण, धाकटी, दादा यांतलं काही नको, ते वाचून लोक हसतील आणि गाणं मरेल. एक मोह मात्र मलाही होतो. आपल्या आजी-आजोबांच्या पिढीत नवरा-बायकोत ‘अहो’ आणि ‘अगं’ असा तिरपा व्यवहार होता, एक वर, एक खाली. ‘आञ’ आणि ‘एम’ यांत तसाच तिरपेपणा आहे, आणि नवरा वयाने लहान असला तरी बहुधा तोच ‘आञ’ राहतो. मग ‘डुंग हॉइ एम’चं ‘मला विचारू नका हो’ का करू नये? करू नये, कारण ‘अहो’ला आज लग्नाचा आणि जुन्या माजघराचा रंग आहे, ‘एम’ला कॉलेजच्या कट्ट्यावरही चालतं. ‘विचारू नकोस’च बरं. बाईचा आवाज असेल तिथे ‘गेले, थांबले, विसरले’ अशी रूपं दिली की मराठी आपलं काम चोख करतं.

खरी पंचाईत 2019च्या सिनेमाच्या नावात आहे. तो मी-तमने स्वतः दिग्दर्शित केला आणि त्यात नायिकाही तीच. नायक माय ताय फेन, तिच्याहून दहा वर्षांनी लहान. नाव ‘ची त्रो ली कुआ आञ’. ‘त्रो ली’ म्हणजे असिस्टंट, बाकीचे शब्द तुम्हाला आता येतात. ती ‘ची’, म्हणजे त्याच्याहून मोठी, आणि तरी ‘आञ’ची! एकाच जोडीत बाई ताई आणि बुवा दादा असू शकत नाहीत, कुणीतरी ‘एम’ व्हायलाच हवं. प्रेक्षक तिकीट काढतानाच हसला पाहिजे, असं हे नाव. ‘माझी असिस्टंट ताई’ केलं तर अर्थ येतो, ठिणगी येत नाही. ‘ह्यांच्या असिस्टंटताई’ मला जास्त जवळचं वाटतं, कारण नवऱ्याबद्दल बोलतानाचं ‘हे’ आणि ‘ताई’ यांची टक्कर त्यात ऐकू येते. फक्त ते पोस्टरवर लावलं, तर मराठी प्रेक्षक संशयी बायकोचा कौटुंबिक सिनेमा बघायला येईल.