तेलुगू चित्रपटातला गावाकडचा नायक एका फटक्यात दहा जणांना उडवतो. हे लोकांना पटतं तरी कसं?

पटवून द्यायच्या भानगडीत हे चित्रपट पडतच नाहीत. आधी हसवतात. प्रेक्षक एकदा मनापासून हसला की पुढे नायकाला सगळं माफ असतं. माझ्या लेखी याचं सर्वांत चांगलं उदाहरण म्हणजे २०१२ चा 'गब्बर सिंग'. दिग्दर्शक हरीश शंकर, नायक पवन कल्याण.

कथेचा सांगाडा 'दबंग'चा आहे. (तो 'दबंग' आपल्या वाईत चित्रित झाला होता, गाव मात्र उत्तर प्रदेशातलं दाखवलं.) तेलुगूत येताना कथा आंध्रातल्या कोंडवीडूत आली. नायक वेंकटरत्नम नायडू लहानपणी 'शोले'च्या नादी लागतो आणि स्वतःचं नावच गब्बर सिंग करून टाकतो. असा मुलगा मोठा होऊन पोलीस झाल्यावर सरळ कसा वागेल? तो स्वतःच सांगतो की मी जरा चक्रम आहे, पण त्यालाही एक हिशोब आहे.

तो हिशोब बघायचा तर अंताक्षरीचा प्रसंग बघा. खलनायकाची माणसं पोलीस ठाण्यात धरून आणली आहेत. आता यांना चांगलं तुडवणार, असं वाटत असतानाच गब्बर त्यांना अंताक्षरी खेळायला लावतो. ज्यांना बघून गाव चळचळा कापायचं, ते दांडगे गुंड जुनी तेलुगू गाणी म्हणत, कंबर हलवत नाचायला लागतात. एकाच्या अंगात तर नाच असा काही भिनतो की आपण नायकाला विसरून त्याच्याकडेच बघत राहतो. हाणामारी नाही, तरी नायकाची जरब दुप्पट होते! गुंडांची भीती गेली की त्यांना उडवणारा हातही खोटा वाटत नाही. 'दबंग'मध्ये हा प्रसंग नाही, आणि मला तेलुगू चित्रपट सरस वाटतो तो इथेच.

दुसरी जमेची बाजू म्हणजे कोटा श्रीनिवास राव. नायिकेच्या दारुड्या बापाचं काम त्यांनी केलंय आणि त्याचं दारूवरचं गाणंही स्वतःच गायलंय. आवाज मुद्दाम गोड केलेला नाही, म्हणून तो माणूस खरा वाटतो. प्रेमप्रकरण मात्र फिकं आहे. श्रुती हासनच्या वाट्याला फारसं काही आलेलं नाही आणि नायक तिच्या मागे लागतो ते आज बघताना खटकतं.

आणखी एक गोष्ट लक्षात घ्या. २००८ च्या 'जलसा'नंतर पवन कल्याणचे चित्रपट ओळीने आपटत होते. चाहते चार वर्षं वाट बघून बसलेले. त्यामुळे पडद्यावरच्या प्रत्येक फटक्याला थिएटरात शिट्ट्या पडल्या, त्यात ही साठलेली भूकही होती. घरी एकट्याने मोबाइलवर बघून तुम्हाला तो जोर जाणवला नसेल तर नवल नाही.

हिंदी डबिंग टाळा. तेलुगूतच, सबटायटल लावून बघा आणि जमलं तर चारपाच जणांना सोबत घ्या.