शेत रस्त्यात गेलं, मोबदला कमी लागला

प्रश्न: सांवेर तहसिलीतली आमची अर्धा हेक्टर वडिलोपार्जित जमीन राष्ट्रीय महामार्गात जातेय. मोबदला कलेक्टर गाइडलाइनच्या, म्हणजे सरकारने ठरवलेल्या, दराने लावलाय. शेजारच्या रजिस्ट्र्या मात्र बऱ्याच चढ्या दराच्या आहेत. वडील म्हणतात, पैसे उचलले की हक्क संपला. खरं का? (एक वाचक, राजेंद्रनगर, इंदूर)

उत्तर: पैसे घ्या, पण नुसती सही करून नाही. पावतीवर ‘हरकत राखून स्वीकारत आहे’ असं लिहा. त्याच मजकुराचा अर्ज भू-अर्जन अधिकाऱ्याकडे द्या आणि आवक शिक्क्याची प्रत जपून ठेवा. 2013 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 77 प्रमाणे हरकत न नोंदवता रक्कम घेणाऱ्याला वाढीव मोबदल्याचा अर्ज करता येत नाही. महामार्गाच्या प्रकरणातही ही काळजी घ्यावीच.

त्यानंतर अवॉर्डचं (मोबदला ठरवणाऱ्या निवाड्याचं) पहिलं पान वाचून संपादन कोणत्या कायद्याखाली झालंय ते बघा. 1 जानेवारी 2015 पासून महामार्गासाठीही मोबदला 2013 च्या कायद्याप्रमाणेच मोजतात, पण दाद मागायची जागा वेगळी आहे. महामार्ग कायदा असेल तर कलम 3जी(5) खाली केंद्राने नेमलेल्या लवादाकडे जायचं. लवादाचा निकाल पटला नाही, तर तो हाती आल्यापासून 3 महिन्यांत जिल्हा न्यायालयात अर्ज करायचा. सबळ कारण असल्यास आणखी 30 दिवस मिळतात, त्यापुढे न्यायालयालाही मुदत वाढवता येत नाही. संपादन थेट 2013 च्या कायद्याखाली असेल तर कलम 64 चा अर्ज कलेक्टरकडे द्यायचा: अवॉर्डच्या वेळी तुम्ही हजर असाल तर 6 आठवड्यांत, नसाल तर नोटीस मिळाल्यापासून 6 आठवडे किंवा अवॉर्डपासून 6 महिने, यांपैकी जे आधी संपेल त्याच्या आत. चुकीच्या दारात अर्ज देऊन हे आठवडे घालवणं हे या प्रकरणांतलं सगळ्यात मोठं नुकसान आहे.

आता हिशेब. गाइडलाइन हेक्टरी 80 लाख समजा. अर्ध्या हेक्टरचे 40 लाख. ग्रामीण भागात याला 1 ते 2 यांमधला गुणांक लागतो आणि तो राज्य ठरवतं. अवॉर्डमध्ये कोणता धरलाय ते अधिसूचनेशी ताडून पाहा. 1 धरला तर 40 लाखच. विहीर, झाडं, पाइपलाइन यांचे 3 लाख मिळवून 43. तेवढंच सोलेशियम (जमीन सक्तीने घेतल्याबद्दलची जादा रक्कम), म्हणजे 86. शिवाय प्राथमिक अधिसूचनेपासून अवॉर्ड किंवा ताबा, जे आधी होईल तोवर बाजारभावावर वर्षाला 12 टक्के. 14 महिने गेले असतील तर 5.6 लाख. एकूण 91.6 लाख. आकडा जुळत नसेल तर बहुधा विहीर नोंदलेली नसते किंवा ओलिताची जमीन कोरडवाहू धरलेली असते. खसऱ्यात (जमिनीच्या सरकारी नोंदीत) सिंचनाचा उल्लेख आहे का ते पाहा. नसेल तर पंपाचं वीजबिल, फोटो आणि पटवाऱ्याचा पंचनामा जोडा.

शेजारच्या रजिस्ट्र्या उपयोगी आहेतच. कलम 26 प्रमाणे, अधिसूचनेआधीच्या 3 वर्षांतले त्याच किंवा लगतच्या गावातल्या तशाच जमिनीचे व्यवहार घेऊन त्यांतल्या जास्त दराच्या निम्म्यांची सरासरी काढतात. ती गाइडलाइनपेक्षा जास्त असेल तर तीच धरायची. पंजीयक कार्यालयातून प्रमाणित नकला काढा. पण कॉलनीतल्या छोट्या प्लॉटची रजिस्ट्री दाखवलीत तर शेतजमिनीसाठी दरात कपात होते. शक्यतो अर्ध्या-एक हेक्टरची शेतीचीच खरेदीखतं शोधा. अधिसूचनेनंतरचे चढे व्यवहार आणि नोंदणी नसलेले करारनामे यांवर विसंबू नका.

प्रश्न: जमीन अजून आजोबांच्याच नावावर आहे. एक काका पुण्यात, आत्या लग्न होऊन बडोद्याला. मोबदला कुणाला मिळेल? (एक वाचिका, सुदामानगर, इंदूर)

उत्तर: आधी तहसिलीत वारसांचं नामांतरण करा. त्यात आत्यांचं नाव हवंच, वारसा हक्कात मुलगी मुलाइतकीच हकदार आहे. कुणाचं नाव वगळून रक्कम उचललीत तर पुढे दिवाणी दावा उभा राहतो. वाटणीवरून वाद झाला तर रक्कम हाती न येता निकालापर्यंत अडकून पडते. वाटे सगळ्यांना मान्य असतील तर सर्वांच्या सह्यांचं संमतिपत्र द्या, प्रत्येकाचं बँक खातं वेगळं लिहा. काकांना येता येत नसेल तर त्यांनी याच कामापुरतं मुखत्यारपत्र नोंदवून पाठवावं. दर कमी वाटत असेल तर ‘हरकत राखून’ हे प्रत्येक वारसाच्या पावतीवर हवं. एकानेच लिहिलं तर बाकीच्यांच्या वाट्यावरून वाद निघू शकतो.