ध्यानचंद यांच्या घरात पुढे कोणी हॉकी खेळलं का? आणि हिटलरची ती गोष्ट खरी का?

तुम्ही विचारलंय ते थोडक्यात असं: मुलगी सांगलीत हॉकी खेळते, २९ ऑगस्टला शाळेत तिला मेजर ध्यानचंद यांच्यावर बोलायचंय, नेटवर बघावं तिकडे चुंबकाची स्टिक आणि हिटलर. तर यातलं खरं किती, आणि त्यांच्यानंतर घरात कोणी खेळलं का?

खेळले, आणि कसे! सख्खे धाकटे भाऊ रूपसिंग यांच्याकडे दोन ऑलिंपिक सुवर्णपदकं. मुलगा अशोककुमार यांच्या गोलावर भारताने १९७५ चा विश्वचषक जिंकला. पुरुष हॉकीत आपण विश्वचषक जिंकलो तो तेवढा एकदाच. पण या घराण्यातली मला सगळ्यात मोठी वाटणारी गोष्ट वेगळी आहे. ध्यानचंद यांनी आपल्या मुलांना हॉकीपासून लांब ठेवायचा प्रयत्न केला होता. त्यावर येतोच.

मी फलटणला शाळेतल्या मुलामुलींना हॉकी शिकवतो, त्यामुळे हे उत्तर जरा लांबेल.

ध्यानचंद यांचा जन्म २९ ऑगस्ट १९०५ चा, अलाहाबादचा. वडील सैन्यात. बदल्यांमागे बिऱ्हाड फिरत राहिलं आणि शेवटी झाशीला स्थिरावलं. शाळा जेमतेम झाली. लहानपणी हॉकीची ओढ अशी नव्हतीच, आवड होती ती कुस्तीची. आपल्याकडच्या मुलांना हे सांगितलं की त्यांचे डोळे चमकतात, कारण सातारा-सांगलीकडे प्रत्येक घरात एखादा आजोबा तालमीत घुमलेला असतो. सोळा-सतराव्या वर्षी ते साधे शिपाई म्हणून ब्राह्मण रेजिमेंटमध्ये भरती झाले आणि तिथे सुभेदार बाले तिवारी यांनी त्यांच्या हातात खऱ्या अर्थाने स्टिक दिली. मूळ नाव ध्यानसिंग. दिवसाची ड्युटी संपल्यावर चांदण्यात सराव करायचे म्हणून 'चंद' चिकटलं, असं सगळीकडे सांगितलं जातं. मुलीने ते तसंच, 'असं सांगतात' म्हणून सांगावं.

१९२८ चं ॲमस्टरडॅम ऑलिंपिक. संघ मुंबईहून बोटीने निघाला तेव्हा निरोप द्यायला बंदरावर तिघं जण होते. परत आले तेव्हा भारताने पाच सामन्यांत २९ गोल केले होते आणि एकही खाल्ला नव्हता. त्या २९ पैकी १४ एकट्या ध्यानचंद यांचे.

१९३२ ला लॉस एंजेलिसला दोघे भाऊ बरोबर गेले. रूपसिंग यांनी आधी नकारच दिला होता, परदेशात घालून जाण्यासारखे कपडे नाहीत म्हणून. मग थोरल्या भावाने पदरचे पैसे घालून कपडे करून दिले, असं सांगतात. तिथे अमेरिकेला २४-१ ने हरवलं. त्या एका सामन्यात रूपसिंग यांचे १० गोल आणि ध्यानचंद यांचे ८. त्या स्पर्धेत तीनच देश होते, भारताचे एकूण ३५ गोल झाले आणि त्यातले २५ या दोन भावांचे. सेंटर फॉरवर्डला ध्यानचंद आणि त्यांच्या डाव्या हाताला इनसाइड लेफ्टला रूपसिंग. जाणकारांमध्ये असेही होते ज्यांना धाकट्याचा फटका थोरल्यापेक्षा भारी वाटायचा. रूपसिंग यांचं नाव आज मागे पडलंय याचं मला फार वाईट वाटतं.

आता बर्लिन, १९३६. ध्यानचंद कप्तान. पोचल्या पोचल्या सराव सामन्यात जर्मनीने ४-१ ने हरवलं. हे भाषणात नक्की घ्या, कारण हे कोणी सांगत नाही. तातडीने हिंदुस्थानात निरोप गेला आणि दारा या फॉरवर्डला बोलावून घेतलं. अंतिम सामना पुन्हा जर्मनीशीच, तो पावसामुळे एक दिवस पुढे गेला आणि १५ ऑगस्टला झाला. सामन्याआधी ड्रेसिंगरूममध्ये संघाचे सहव्यवस्थापक पंकज गुप्ता यांनी काँग्रेसचा तिरंगा बाहेर काढला आणि सगळ्या खेळाडूंनी त्याला सलाम केला. इंग्रजांच्या झेंड्याखाली खेळणारा संघ, त्यात कप्तान इंग्रजांच्याच फौजेतला. तारखेकडे पुन्हा एकदा बघा. अकरा वर्षांनी त्याच तारखेला काय झालं हे पोरांना वेगळं सांगावं लागत नाही. मैदान ओलं होतं, मध्यंतरापर्यंत फक्त १-०. उत्तरार्धात ध्यानचंद यांनी खिळ्यांचे बूट बाजूला ठेवले आणि सामना ८-१ ने संपला. संपूर्ण स्पर्धेत भारताने खाल्लेला तो एकच गोल.

आणि हिटलर? जर्मन सैन्यात मोठ्या हुद्द्याची ऑफर दिली आणि ध्यानचंद यांनी ती नाकारली, ही गोष्ट लाखो लोकांनी ऐकली आहे. पण त्या काळचा लेखी पुरावा तिला नाही. ध्यानचंद यांनी स्वतःच्या आठवणी १९५२ साली प्रसिद्ध केल्या, त्यात बर्लिनबद्दल भरपूर लिहिलं, पण ही ऑफर त्यात नाही. स्टिक फोडून आत चुंबक शोधलं आणि व्हिएन्नाला चार हातांचा पुतळा उभारला, याही गोष्टी त्याच माळेतल्या. मुलीला म्हणावं, हे सगळं सोडून दे. त्यांना मोठं ठरवायला हिटलरच्या शिफारशीची गरज नाही.

त्याऐवजी एक वेगळा सामना सांगते का बघा. आपल्या आयुष्यातला सगळ्यात आवडता म्हणून ध्यानचंद यांनी ऑलिंपिकमधला एकही सामना निवडला नाही. त्यांनी निवडला तो १९३३ चा कलकत्त्याचा बायटन कपचा अंतिम सामना. एका बाजूला कलकत्ता कस्टम्स, त्या काळचा दादा संघ. दुसऱ्या बाजूला यांचा झाशी हीरोज, घरच्या गावचा क्लब, बहुतेक पोरं नवखी. त्यातल्या त्यात नाव घ्यावं असे दोघं, भाऊ रूपसिंग आणि मुंबईच्या जी.आय.पी. रेल्वेकडून खेळणारे इस्माईल. कस्टम्सचा दबाव सारखा, गोल काही होत नव्हता. अशात ध्यानचंद यांनी मध्यातून एक लांब थ्रू पास सोडला. इस्माईल त्यावर धावले, अर्धं मैदान कापलं आणि गोल केला. १-०. तेवढ्यावर झाशी जिंकलं.

आता यातली मेख बघा. ज्यांच्या नावावर शेकडो गोल, त्यांनी सगळ्यात आवडता सामना निवडला तो ज्यात गोल दुसऱ्याने केला, यांनी नुसता पास दिला. मैदानावर मी हे दर हंगामात सांगतो, कारण आमच्याकडेही ज्याला चेंडू मिळतो तो डी, म्हणजे गोलपुढचं अर्धवर्तुळ, येईपर्यंत एकटाच पळत सुटतो. चेंडू जणू त्यांच्या स्टिकला चिकटायचा हे खरं, पण त्यांना जवळून पाहिलेल्यांनी वाखाणणी केली ती नजरेची. कोण कुठे मोकळा होणार हे त्यांना आधी दिसायचं.

चिकटण्याचं म्हणाल तर त्याचं उत्तर चुंबकात नाही, मुलीच्या हातात आहे. तिची स्टिक जमिनीवर टेकवून बघा. एक बाजू सपाट, एक फुगीर. चेंडूला लागायला हवी ती सपाट बाजूच, फुगीर बाजू लागली की पंचांची शिट्टी. जुन्या इंग्लिश स्टिकचं डोकं लांबट असायचं, ते चेंडूवरून पटकन फिरवता येत नसे. आपल्याकडे तुतीच्या लाकडाच्या, आखूड आणि घट्ट वळलेल्या डोक्याच्या स्टिक्स आल्या. मग काय करता येऊ लागलं? चेंडू उजवीकडून डावीकडे ढकलायचा, लगेच डावं मनगट वळवून स्टिकचं नाक, म्हणजे वळलेलं टोक, चेंडूवरून पलीकडे न्यायचं आणि त्याच सपाट बाजूने तो परत उजवीकडे ओढायचा. टक-टक, टक-टक. समोरच्या बचावपटूचं वजन एका पायावर गेलं की चेंडू दुसरीकडे. जगाने याला इंडियन ड्रिबल म्हटलं. आमचं मैदान मुरमाचं आहे, खडा लागला की चेंडू उडतो, त्यामुळे उजवी मूठ सैल ठेवायला शिकावंच लागतं. स्टिक फिरवतो तो डावा हात, उजवा फक्त आधाराला. पोरी आठवडाभर उजव्याने दाबून धरतात, मग एके दिवशी सुटतं.

आता घराकडे येतो.

ध्यानचंद यांना सात मुलगे. अशोककुमार १९५० चे. वडिलांनी मुलांना सांगून ठेवलं होतं की शिका, नोकरी बघा, हॉकीच्या नादी लागू नका. अशोककुमार यांनी मुलाखतींतून हे अनेकदा सांगितलंय. कारण साधं होतं, या खेळात पैसा नाही. तीन ऑलिंपिक सुवर्णपदकं जिंकलेला माणूस हे म्हणत होता, ऐकीव नाही, भोगून. ते शिपाई म्हणून भरती झाले आणि १९५६ साली मेजर म्हणून निवृत्त झाले, त्याच वर्षी पद्मभूषण मिळालं, पुढे पतियाळाच्या राष्ट्रीय क्रीडा संस्थेत प्रशिक्षक राहिले. मानसन्मान होता, संसाराला पुरेल असं काही त्यातून उरलं नाही.

पोरगा ऐकला नाही. कलकत्त्याला मोहन बागानकडून खेळला, मग इंडियन एअरलाइन्समध्ये गेला, भारताच्या संघात आला. १५ मार्च १९७५, क्वालालंपूर, समोर पाकिस्तान. पहिला गोल पाकिस्तानचा. सुरजितसिंग यांनी पेनल्टी कॉर्नरवर बरोबरी केली. मग अशोककुमार यांनी मारलेला चेंडू गोलपोस्टच्या आतल्या कोपऱ्याला लागून बाहेर आला. पाकिस्तानचे खेळाडू धावत पंचांकडे गेले, गोल झालाच नाही म्हणून. मलेशियाचे पंच विजयनाथन ठाम राहिले. २-१. वडिलांनी बर्लिनला सुवर्ण जिंकलं त्याला तेव्हा जवळपास एकोणचाळीस वर्षं झाली होती.

पुढच्याच वर्षी माँट्रियल ऑलिंपिकला हॉकी पहिल्यांदा टर्फवर, म्हणजे कृत्रिम गवतावर झाली आणि भारत सातवा आला. अशोककुमार त्या संघात होते, ध्यानचंद हयात होते. गवतावरचं मनगटाचं कसब टर्फच्या वेगापुढे मागे पडलं. टर्फ घालायला लागणारा पैसा युरोपकडे होता, आपल्याकडे मोजकीच टर्फ, तीही कितीतरी उशिरा. आजही तालुक्याचं मूल मुरमावर शिकतं आणि निवड चाचणीला थेट टर्फवर उभं राहतं. मला यात सरळ अन्याय दिसतो.

रूपसिंग ग्वाल्हेरला शिंद्यांच्या फौजेत होते, १९७७ साली तिथेच गेले. त्यांच्या नावाचं कॅप्टन रूपसिंग स्टेडियम मुळात हॉकीचं, पुढे क्रिकेटला दिलं. पुरुषांच्या एकदिवसीय क्रिकेटमधलं पहिलं द्विशतक सचिनने २४ फेब्रुवारी २०१० ला केलं, ते याच मैदानावर. तो सामना बघणाऱ्यांपैकी किती जणांना ठाऊक होतं की रूपसिंग कोण? ध्यानचंद ३ डिसेंबर १९७९ ला दिल्लीच्या एम्समध्ये यकृताच्या कर्करोगाने गेले. अंत्यसंस्कार झाशीला, झाशी हीरोजच्याच मैदानावर झाले. २०२१ साली देशाच्या सर्वोच्च क्रीडा पुरस्काराला त्यांचं नाव देण्यात आलं. भारतरत्न मात्र अजून नाही. ते मिळायला हवं असं माझं स्पष्ट मत आहे.

हे सगळं इतकं विस्ताराने लिहिलं कारण त्या बापाचा नकार मला इथे रोज भेटतो. ऊस लावणारे वडील पोरीला घ्यायला येतात, बांधावरची चप्पल तशीच पायात, आणि विचारतात, "सर, पळती चांगली ओ, पण ह्यातनं पुढं काय?" मी त्यांना वेडं म्हणू शकत नाही, ध्यानचंद यांनीही हेच विचारलं होतं. कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव १९५२ साली हेलसिंकीहून स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक पदक घेऊन आले, त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला तो मृत्यूनंतर. आपल्या जिल्ह्याला हे चांगलं माहीत आहे.

पण उत्तर आता थोडं बदललंय, तेही सांगतो. फलटण तालुक्यातून वैष्णवी फाळके, ऋतुजा पिसाळ आणि अक्षता ढेकळे भारताकडून खेळल्या. खेळाडूंना राज्य सरकारी नोकरीत ५ टक्के आरक्षण आहे, रेल्वे खेळाडू घेते. आसूसारख्या गावातली मुलगी भारतीय संघात गेली हे कळल्यापासून मैदानावर येणाऱ्या पोरींच्या आयाच मला विचारतात की क्रीडा प्रबोधिनीची, म्हणजे सरकारी निवासी क्रीडा केंद्राची, चाचणी कधी असते.

भाषण चार-पाच मिनिटांचं असेल तर माझ्या मते तीन गोष्टी पुरे: बर्लिनची ती ४-१ ची हार आणि नंतरचा ८-१ चा विजय, इस्माईलना दिलेला पास, आणि वडिलांनी हॉकी नको म्हटल्यावरही खेळलेला तो मुलगा. सनावळी कमी ठेवा. शक्य असेल तर स्टिक घेऊनच स्टेजवर जाऊ द्या, ड्रिबल करून दाखवलं की मागच्या रांगेतली पोरंसुद्धा गप्प बसून बघतात. आणि पुण्याकडे जाणं झालं तर पिंपरीत नेहरूनगरला मेजर ध्यानचंद यांच्या नावाचं हॉकी स्टेडियम आहे, तिला एकदा तिथला सामना दाखवा. टर्फवर चेंडू किती वेगाने येतो ते तिने चाचणीच्या आधीच बघितलेलं बरं.