प्रोबेशनवाल्या साहेबांना घरातलं किती सांगायचं?

मुलावर पहिलीच केस झाली आणि कोर्टानं परिवीक्षा (प्रोबेशन, म्हणजे तुरुंगाऐवजी देखरेखीखाली बाहेर ठेवणं) अधिकाऱ्यांचा अहवाल मागवला, की आमच्याकडं येणारे आईवडील हमखास एकच विचारतात: साहेब घरी येणार आहेत, काय सांगायचं आणि काय झाकायचं?

इचलकरंजीच्या एका मावशींची गोष्ट सांगते. ओळख पटेल असे तपशील अर्थातच बदललेत. नवरा मागावर कामाला, संध्याकाळी पिऊन येणारा. वीस वर्षांच्या मुलानं ज्या दुकानात नोकरी केली, तिथलेच दोन मोबाइल परस्पर विकले. मित्राची अडचण होती, एवढंच तो सगळ्यांना सांगत राहिला. गुन्हा शाबीत झाला. शिक्षेचं ठरवण्याआधी न्यायाधीशांनी अहवाल मागवला. मुलगी बघायला पाहुणे येणार असावेत तशी मावशींची तयारी चालली होती. नवऱ्याला नणंदेकडं धाडायचं, शेजारणींना पढवून ठेवायचं, देवघर पुढच्या खोलीत आणायचं.

"बाप पितोय म्हटल्यावर कोर्ट म्हणंल, असल्या घरात पोरगं सुधारायचं कसं? आतच टाकतील की हो ताई."

ही भीती खोटी नाही, पण ती कायद्याच्या उलट्या बाजूनं धरलेली आहे. अपराधी परिवीक्षा अधिनियम 1958 सालचा. त्याच्या कलम 6 प्रमाणे, 21 वर्षांखालच्या मुलाचा गुन्हा जन्मठेपेच्या शिक्षेचा नसेल, तर त्याला तुरुंगात पाठवायचं कारण न्यायाधीशांना लेखी नोंदवावं लागतं. त्याआधी अधिकाऱ्यांचा अहवाल मागवावाच लागतो. हा अहवाल गोपनीय असतो, म्हणजे गल्लीत त्याचं वाचन होणार नाही. मावशींचा निम्मा जीव तिथंच भांड्यात पडला.

उरलेल्या निम्म्यासाठी मी त्यांना विचारलं, "घरात सगळं आलबेल आहे असं लिहून गेलं, तर चोरी का झाली, याचं उत्तर काय उरतं?" त्या बराच वेळ पदराशी चाळा करत बसल्या. पोरगाच तसला, हेच उत्तर उरतं. तो दोषी आहे हे कोर्टानं ठरवलेलंच असतं. आता त्यांना कळायला हवं असतं ते हे, की हात का गेला आणि बाहेर ठेवला तर सांभाळणार कोण. चकचकीत घर यातलं काहीच सांगत नाही.

मग हळूहळू निघालं. बचत गटाचा हप्ता बापानं दारूत घातला होता. आईला गटात मान खाली घालावी लागू नये म्हणून पोरानं मोबाइल विकले आणि बापाचं नाव नको म्हणून मित्राचं पुढं केलं. चोरी ती चोरीच; पण हे कागदावर आलं नसतं तर त्याच्याबद्दल काहीच आलं नसतं.

मध्येच एक सांगते, कारण यात बरेच जण फसतात. मुलाला 21 पूर्ण व्हायला थोडे महिने होते आणि वकील तारखा वाढवून घेत होते. वय गुन्ह्याच्या दिवशीचं नाही, तर कोर्ट निकाल देतं त्या दिवशीचं धरायचं, असं सर्वोच्च न्यायालयानं 1962 मध्येच सांगितलंय. वय उलटलं तरी कलम 4 खाली चांगल्या वर्तणुकीच्या बंधपत्रावर, म्हणजे लेखी हमीवर, सोडता येतं, पण कलम 6 चं कवच जातं. वकिलांना हे विचारा, संकोच नको.

अधिकारी आले, तेव्हा नवरा घरीच होता. मावशींनी दारूचं, हप्त्याचं सांगितलं, आणि भाऊ जयसिंगपूरला आहे, पोराला ठेवून घ्यायला तयार आहे, हेही सांगितलं. कोर्टानं दोन वर्षांचं बंधपत्र घेतलं, देखरेख लावली, मामाकडं राहायची अट घातली आणि दुकानदाराला भरपाई द्यायला लावली. बापाची दारू सुटली असं मात्र मी सांगणार नाही. अटी मोडल्या तर मूळ गुन्ह्याची शिक्षा होऊ शकते, हे मुलाला मी मामासमोरच समजावलं. 'सुटलो' असं म्हणत हिंडणाऱ्या पोरांचं मला जास्त भय वाटतं.

परवा मावशी नवी काळजी घेऊन आल्या: सरकारी नोकरीचं काय? कलम 12 मुळं अशा सुटकेनंतर दोषी ठरल्यामुळं येणारी अपात्रता चिकटत नाही. पण दोषी ठरल्याची नोंद पुसली जात नाही आणि नेमणूक करणारं खातं आपल्या परीनं विचार करू शकतं. फॉर्ममध्ये गुन्ह्याचा रकाना असेल तर खरं भरायचं. माहिती दडवली म्हणून मिळालेली नोकरीही जाऊ शकते. सध्या तो जयसिंगपूरला फॅब्रिकेशनच्या दुकानात वेल्डिंग शिकतोय आणि मालकाला केसची कल्पना मामानं आधीच दिली आहे.