घरी प्रिंटर नाही, जुनं बिलिंग सॉफ्टवेअर फक्त प्रिंट देतं. पीडीएफ काढणारा व्हर्च्युअल प्रिंटर कसा बसवायचा?

आधी एवढंच सांगते, त्या माणसाला एक रुपयासुद्धा देऊ नका.

तुम्ही लिहिलंय की बिलाच्या जुन्या सॉफ्टवेअरमध्ये फाईल सेव्ह करायची सोयच नाही, ओळखीचा कॉम्प्युटरवाला 'पीडीएफ प्रिंटर टाकून देतो' म्हणून पैसे मागतोय, आणि वडील म्हणतात त्यापेक्षा खरा प्रिंटरच घेऊन टाक. तुमच्याकडं विंडोज 10 किंवा 11 असेल तर तो प्रिंटर, म्हणजे कागदाऐवजी पीडीएफ फाईल काढून देणारा, तुमच्या कॉम्प्युटरवर आधीपासून आहे. 2015 ला विंडोज 10 आलं तेव्हापासून 'मायक्रोसॉफ्ट प्रिंट टू पीडीएफ' त्याच्यासोबतच येतो. प्रिंट देताना प्रिंटरची यादी उघडून बघा. कुणी काढून टाकला असेल तर कंट्रोल पॅनेलमधल्या 'टर्न विंडोज फीचर्स ऑन ऑर ऑफ'मध्ये जाऊन त्याची खूण काढा, ओके करा, परत खूण करा, ओके करा. तरी दिसला नाही तर 'ॲड प्रिंटर'मधून हातानं घ्यायचा. पोर्ट विचारलं की 'पोर्टप्रॉम्प्ट' निवडायचं, कंपनी मायक्रोसॉफ्ट. पोर्ट तेच पाहिजे, कारण 'फाईलचं नाव काय देऊ' म्हणून विचारणारी चौकट त्याच्यामुळंच येते.

बरीच जुनी सॉफ्टवेअरं कुठला प्रिंटर ते विचारत नाहीत, जो डिफॉल्ट असेल त्याच्याकडं बिल पाठवून मोकळी होतात. म्हणून 'प्रिंटर्स अँड स्कॅनर्स'मध्ये जाऊन 'लेट विंडोज मॅनेज माय डिफॉल्ट प्रिंटर' हे आधी बंद करा आणि मग प्रिंट टू पीडीएफला डिफॉल्ट करा. ते चालू राहिलं तर तुम्ही शेवटी ज्या प्रिंटरवर प्रिंट दिली तोच विंडोज आपल्या मनानं डिफॉल्ट करून टाकतं, आणि तुमचं बिल प्रिंटरच्या यादीतल्याच फॅक्सकडं नाहीतर वननोटकडं जाऊन बसतं. बिल गेलं कुठं म्हणून शोधत बसायची वेळ येते.

झालं. पण वडिलांचं वाक्य वाचलं आणि राहवेना, म्हणून पुढचं लिहिते.

आमचं कोल्हापूरच्या उद्यमनगरात मशिनिंगचं छोटं वर्कशॉप आहे. शिरोली, गोकुळ शिरगावच्या फाउंड्र्यांचे जॉब येतात. मशीनचं काम आमचे मालक, म्हणजे माझे मिस्टर, आणि भावजी, म्हणजे माझे धाकटे दीर, बघतात; बिलं, चलनं, जीएसटी सगळं माझ्याकडं, घरूनच. घर शुक्रवार पेठेत. बिलाचं सॉफ्टवेअर लग्नाआधीपासूनचं, कुणा ओळखीच्या मुलाकडनं करून घेतलेलं. प्रिंट एवढंच त्याला कळायचं. डॉट मॅट्रिक्सवर कार्बन लावून बिलं निघायची, वरची प्रत पार्टीला आणि खालची पातळ प्रत फायलीला.

नवा कॉम्प्युटर आला त्याला मागं तो जाडा रुंद प्रिंटर पोर्टच नव्हता. भावजींच्या ओळखीचा एक कॉम्प्युटरवाला आला, त्यानं इंटरनेटवरनं कसलंतरी फुकट पीडीएफ सॉफ्टवेअर उतरवून घातलं आणि त्याचे चांगले पैसे घेतले. त्याच्यासोबत ब्राउझरमध्ये दोन पट्ट्या आल्या, होम पेज बदललं, आणि प्रत्येक बिलाच्या तळाला 'ट्रायल व्हर्जन' अशी ओळ छापून यायला लागली. शिरोलीच्या एका पार्टीच्या अकाउंट्समधनं फोन आला, 'वहिनी, ही ट्रायल बिलं आहेत काय, खरी कधी पाठवताय?' विंडोजमध्ये स्वतःचा पीडीएफ प्रिंटर बसलेला असताना त्या माणसानं हे केलं. माहीत नव्हतं म्हणावं तर तो त्याचा धंदा आहे, आणि माहीत होतं म्हणावं तर ती सरळ फसवणूक आहे. तुमच्याकडं पैसे मागणाऱ्याबद्दल माझं मत का वाईट झालं ते यावरनं कळेल.

मी ते सगळं काढून टाकलं आणि विंडोजचाच प्रिंटर डिफॉल्ट केला. त्या दिवसापासून प्रत्येक बिलाची पीडीएफ ठेवायला लागले. वर्षाचा एक फोल्डर, त्यात महिन्याचे, आणि फाईलच्या नावात आधी वर्ष, मग महिना, मग दिवस, मग बिल नंबर. असं नाव दिलं की यादी आपोआप तारखेच्या क्रमानं लागते. महिना संपला की त्या महिन्याच्या सगळ्या फायली स्वतःलाच मेल करून ठेवायच्या.

भावजींना हे पटलं नाही. 'वहिनी, कागद हातात असल्याशिवाय बिल हुतंय व्हय? उद्या जीएसटीचा साहेब आला तर त्याला काय कॉम्प्युटर दाखवणार?' त्यांनी जुनाच कॉम्प्युटर वर्कशॉपवर नेऊन डॉट मॅट्रिक्स त्याला जोडून ठेवला, आणि कार्बन प्रती बॉक्स फायलींमध्ये लावणं चालूच ठेवलं. त्या फायली आमच्या घरात, खालच्या खोलीत, लोखंडी रॅकवर. मामा, म्हणजे माझे सासरे, भावजींच्याच बाजूनं. मी वाद घातला नाही असं नाही. घातला, आणि बऱ्याच वेळा घातला.

मग 2019 चा ऑगस्ट आला. कोल्हापूरच्या माणसाला पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्याचे पाण्याचे आकडे सांगावे लागत नाहीत, 39 फुटांना इशारा आणि 43 ला धोका. त्या वर्षी पंचगंगा 55 फुटांच्या वर गेली. जामदार क्लबपाशी पाणी आलं की आमच्या गल्लीत आवराआवर सुरू होते, तशी झाली, पण एवढं चढेल असं म्हाताऱ्या माणसांनासुद्धा वाटलं नव्हतं. टीव्ही, मिक्सर, धान्य वर नेलं, कॉम्प्युटर वर नेला, आणि आम्ही राजारामपुरीला माझ्या माहेरी गेलो. फायलींचा रॅक वर न्यायला माणसं नव्हती आणि वेळही नव्हता.

पाणी उतरल्यावर रॅक उघडला. बॉक्स फायलींचा पुठ्ठा फुगून फाटला होता. आतल्या प्रती एकमेकींना चिकटून वीट झाली होती. चाकूच्या टोकानं एक-एक पान सुटतंय का बघितलं, तर पान यायचं पण अक्षर यायचं नाही. कार्बनची निळी-जांभळी शाई पानावर पसरून नुसता डाग राहिला होता. कुठंतरी एखादा बिल नंबर, कुठं पार्टीच्या नावाचं शेवटचं अक्षर. आत्यांनी, म्हणजे सासूबाईंनी, तरीपण काही पानं गच्चीत दोरीवर वाळत घातली. वाळल्यावर ती पापडासारखी कडक झाली आणि हात लावला की तुटायची.

त्याच वर्षी जीएसटीच्या पहिल्या वर्षाचं, म्हणजे 2017-18 चं, वार्षिक विवरण भरायचं चालू होतं. त्याच्या तारखा सारख्या पुढं जात होत्या, पण सीएंना बिलं हवी होती. शिवाय शिरोलीच्या एका पार्टीनं पेमेंट अडवून ठेवलेलं, म्हणे आमच्याकडच्या बिलांच्या प्रती सापडत नाहीत, तुमच्या पाठवा. मी माहेरच्या हॉलमध्ये भावाच्या लॅपटॉपवर मेल उघडला आणि महिन्यांचे फोल्डर त्या दोघांनाही पाठवून दिले. घरातला चिखल अजून धुवायचा होता तेव्हा. पार्टीचं पेमेंट आलं.

भावजी तेव्हा म्हणाले, 'नशीब.' नशीब नव्हतं ते. महिन्याच्या शेवटी मी बसून ते काम करत होते, जेवणं आवरल्यावर, आणि कुणी सांगितलं नव्हतं म्हणून करत होते.

2021 च्या जुलैत पाणी 2019 पेक्षाही वर गेलं. तोवर भावजींनी फायली माळ्यावर नेऊन ठेवल्या होत्या, म्हणून त्या वाचल्या, आणि ते आजतागायत त्याचा दाखला देतात. देऊ देत. जीएसटीच्या कायद्यात हिशेबाची कागदपत्रं त्या वर्षाच्या वार्षिक विवरणाच्या देय तारखेपासून 72 महिने सांभाळायला सांगितली आहेत, आणि ती इलेक्ट्रॉनिक स्वरूपात ठेवलेली चालतात. साहेबाला कॉम्प्युटर दाखवता येतो, भावजी.

म्हणून तुमच्या वडिलांना सांगा, बिलं ठेवण्यासाठी प्रिंटर घ्यायची गरज नाही. घरात महिन्याला चार कागद काढायला इंकजेट घेणं म्हणजे पैसे पाण्यात. आठवडे न वापरता पडला की नोझलमध्ये शाई वाळते, मग हेड क्लिनिंग करत बसा, त्यातही शाईच जाते. सहीशिक्क्याची प्रत लागली तर पीडीएफ व्हॉट्सॲप करून कोपऱ्यावरच्या झेरॉक्सवाल्याकडनं काढून आणायची. ज्यांच्याकडं रोज ढिगानं कागद निघतात त्यांनी साधा लेझर घ्यावा, त्याला माझी ना नाही.

आता राहिलेल्या गोष्टी. विंडोज 7 असेल तर वरचं काहीच लागू नाही, त्यात फक्त एक्सपीएसचा (पीडीएफसारखाच मायक्रोसॉफ्टचा वेगळा फाईल प्रकार) प्रिंटर असतो आणि ती फाईल समोरच्याकडं धड उघडत नाही. तिथं पीडीएफक्रिएटर किंवा क्यूटपीडीएफ असं बाहेरचं सॉफ्टवेअर घालावं लागतं. क्यूटपीडीएफला घोस्टस्क्रिप्टसारखा कन्व्हर्टर सोबत लागतो. ज्याचं त्याच्या मूळ साइटवरनंच उतरवा आणि बसवताना 'नेक्स्ट, नेक्स्ट' न करता प्रत्येक पडद्यावरच्या नको त्या खुणा काढा. पण 2020 च्या जानेवारीपासून विंडोज 7 चे सुरक्षा अपडेट बंद आहेत, तेव्हा पैसे घालायचेच तर नव्या विंडोजवर घाला. एकावेळी ढीगभर बिलं काढायची असतील तर विंडोजचा प्रिंटर प्रत्येक वेळी नाव विचारून दमवतो. पीडीएफक्रिएटरमध्ये ऑटोसेव्ह आहे, ते लावून घ्या.

कागदाचा आकार ए4 आहे ना ते बघा. लेटर असेल तर ए4 पेक्षा उंचीनं जवळजवळ दोन सेंटिमीटर कमी पडतो आणि तळाची सहीची जागा पुढच्या पानावर जाते. वर्ड, एक्सेलमधनं काढायची असेल तर प्रिंट न देता 'सेव्ह ॲज'मधनं पीडीएफ करा, त्यात लिंका जिवंत राहतात. श्रीलिपीसारख्या जुन्या मराठी फॉन्टमधलं बिल पीडीएफमध्ये दिसायला चोख येतं, समोरच्याकडं तो फॉन्ट नसला तरीही, पण त्यात नाव शोधायला गेलात तर सापडणार नाही. आणि पीडीएफ बदलता येत नाही असं कुणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका, येते.

डिजिटल सहीचा सातबारा, 15 रुपये भरून काढलेला, तो कधीच परत प्रिंट टू पीडीएफमधनं काढू नका. दिसायला तसाच दिसतो, पण आतली डिजिटल सही निघून जाते. उतरवलेली मूळ फाईल आहे तशीच पुढं पाठवायची. हे भावजींच्या बाबतीत झालंय, बँकेनं परत पाठवला होता.

आणि तुमचं सॉफ्टवेअर कशात केलेलं आहे ते कळवा. काळ्या पडद्यावर चालणारं डॉसमधलं असेल तर ते विंडोजच्या प्रिंटरला विचारतच नाही, मजकूर थेट एलपीटी पोर्टवर, म्हणजे मागच्या त्या जाड्या प्रिंटर पोर्टवर, ढकलतं. तिथं प्रिंट टू पीडीएफ डिफॉल्ट करूनही काही हाती लागणार नाही, त्याला वेगळा इलाज करावा लागेल.